जीआरचा लाभ नाकारला, आता कोर्टात किती दिवसांत जायचं? शिक्षकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वरिष्ठ वेतनश्रेणी, निवड श्रेणी, जुनी पेन्शन, वेतननिश्चिती, थकबाकी. विषय कुठलाही असो, कोर्टात शासनाचा पहिला आक्षेप बहुतेक वेळा एकच असतो: 'अर्जदार उशिरा आले.' हक्क खरा असूनही या एका मुद्द्यावर प्रकरण अडतं. म्हणून महाराष्ट्रातल्या शिक्षकांकडून मुदतीबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

सरळ सांगा, मुदत किती?

आधी तुमचा पगार कोणाच्या आस्थापनेवर निघतो ते बघा. मुदत त्यावरून ठरते.

शासकीय आश्रमशाळा, शासकीय विद्यानिकेतन, शासकीय महाविद्यालय अशा ठिकाणी असाल तर तुम्ही राज्य शासनाचे कर्मचारी. तुमचा दरवाजा महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. तिथे 1985 च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याचं कलम 21 लागू होतं: अंतिम आदेशापासून एक वर्ष. नियमाप्रमाणे अपील किंवा निवेदन केलं आणि सहा महिने उत्तरच आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. केंद्रीय विद्यालयातले शिक्षक याच कायद्याखाली केंद्रीय न्यायाधिकरणात, म्हणजे कॅटमध्ये जातात.

जिल्हा परिषद शिक्षक आणि खासगी अनुदानित शाळांतले शिक्षक मॅटमध्ये जात नाहीत. शासनाच्या धोरणाचा लाभ नाकारला असेल तर त्यांना संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर, ज्याचा जिल्हा जिथे येतो तिथे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांची मुंबईची फेरी ऑगस्ट 2025 पासून वाचली आहे, कारण कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं पीठ) सुरू झालं.

दिवाणी दावा क्वचितच कोणी करतं. केलाच तर साधारण तीन वर्षांची मुदत धरा. शासनाविरुद्ध दावा करण्यापूर्वी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते, तो काळ मुदतीतून वगळला जातो.

आमचे वकील म्हणतात रिटला मुदतच नसते. मग घाई कशाला?

वकील चुकीचं सांगत नाहीत, पण अर्धंच सांगतात. अनुच्छेद 226 ला कायद्यात दिवस ठरवून दिलेले नाहीत, हे खरं. मात्र रिट हा न्यायालयाच्या विवेकाधिकाराचा भाग आहे. 'इतकी वर्षं काय करत होता?' हा प्रश्न न्यायमूर्ती विचारू शकतात, आणि समाधानकारक उत्तर नसेल तर गुणवत्तेत न शिरता याचिका फेटाळू शकतात. याला विलंब आणि अनास्थेचा मुद्दा म्हणतात. मुदत लिहिलेली नाही म्हणजे ती अमर्याद आहे, असं समजू नका. उलट नेमकी तारीख नसल्यामुळे धोका जास्त आहे. माझं मत विचाराल तर लेखी नकार हातात पडल्यापासून एका वर्षाच्या आत याचिका दाखल झालीच पाहिजे असं धरून चाला.

मी दरवर्षी निवेदन देतोय, सगळ्यांवर पोच आहे. मुदत जिवंत राहिली ना?

नाही. शिक्षकांचं सर्वात जास्त नुकसान याच गैरसमजाने केलं आहे, म्हणून थोडं सविस्तर.

नेहमी दिसणारी फाइल अशी असते. पहिलं निवेदन मुख्याध्यापकांमार्फत शिक्षणाधिकाऱ्यांना. त्यावर आवक क्रमांक आणि गोल शिक्का. मग स्मरणपत्र एक, स्मरणपत्र दोन, मग शिक्षण उपसंचालक, मग शिक्षण आयुक्त, मग आमदारांचं शिफारसपत्र, मग मंत्र्यांना निवेदन देतानाचा फोटो. या सगळ्याच्या मधोमध कुठेतरी एक चार ओळींचं पत्र दबलेलं असतं: 'आपण शासन निर्णयातील अटींची पूर्तता करीत नसल्याने आपली विनंती मान्य करता येत नाही.' खाली जावक क्रमांक आणि तारीख. मुदत धावायला लागली ती त्या पत्रापासून. नंतरच्या स्मरणपत्रांनी ती थांबत नाही आणि नव्याने सुरूही होत नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने 1989 मध्ये एस. एस. राठोड प्रकरणात हे स्पष्ट केलं. सेवानियमांत ज्या अपिलाची किंवा निवेदनाची तरतूद आहे तेवढंच मुदतीसाठी मोजलं जातं. आपल्या मनाने पाठवलेली अर्जांची चळत मोजली जात नाही.

निवेदन देऊच नका असं नाही. ते द्यावंच लागतं, कारण आधी मागणी केली का, हे न्यायालय विचारतं. पण एकदा द्या, मुद्देसूद द्या, संबंधित जीआरची तारीख आणि परिच्छेद लिहून द्या. सहा महिने वाट बघा. नकार आला किंवा काहीच आलं नाही, तर वकिलाकडे जा.

कोर्टाने 'निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या' असा आदेश दिला. आता तरी नवी मुदत मिळाली?

दावा मुळात ताजा असेल तर अडचण नाही. जुना, मेलेला दावा या वाटेने जिवंत होत नाही. सी. जेकब प्रकरणात (2008) 1982 मध्ये नोकरी गेलेल्या कर्मचाऱ्याने अठरा वर्षांनी निवेदन दिलं, न्यायाधिकरणाकडून 'निर्णय घ्या' असा आदेश मिळवला आणि आलेल्या नकाराला आव्हान दिलं. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अशा नकाराने नवं वादकारण, म्हणजे दाद मागण्याचा नवा आधार, तयार होत नाही. असा आदेश मिळाला की शाळेत पेढे वाटले जातात, पण त्यात तुमच्या हक्काबद्दल एक अक्षरही नसतं हे लक्षात ठेवा.

'दर महिन्याला अन्याय होतोय, म्हणून मुदत लागू नाही' असं म्हणता येतं का?

काही बाबतींत येतं, आणि शिक्षकांच्या हातातला हा सगळ्यात चांगला मुद्दा आहे. कायद्यात याला सततचा अन्याय म्हणतात. फक्त कोणता अन्याय सततचा आणि कोणता एकदाच होऊन गेलेला, हा फरक नीट समजून घ्यावा लागतो.

गंमत म्हणजे या फरकाचं मूळ आपल्या आळंदीत आहे. ज्ञानेश्वर महाराज संस्थान आणि तिथले गुरव पुजारी यांच्यातल्या हक्काच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने सततच्या अन्यायाची व्याख्या केली. हानी एकदाच पूर्ण झाली आणि तिचे परिणाम मात्र पुढे भोगावे लागत राहिले, तर तो सततचा अन्याय नव्हे. कृत्य स्वतःच चालू असेल आणि त्यातून पुन्हा पुन्हा हानी होत असेल, तर तो सततचा. गुरवांना सेवेतून दूर केलं तेव्हाच हानी पूर्ण झाली होती, म्हणून त्यांना या तत्त्वाचा लाभ मिळाला नाही. पगार आणि पेन्शनच्या निकालांत आजही या निकालाचा आधार घेतला जातो.

आता आपल्या बाबतीत. वेतननिश्चिती चुकली आणि दर महिन्याला कमी पगार निघतो: सततचा अन्याय. एम. आर. गुप्ता प्रकरणात (1995) रेल्वेच्या कर्मचाऱ्याने 1978 च्या चुकीच्या वेतननिश्चितीविरुद्ध 1989 मध्ये दाद मागितली, तरी दावा मुदतबाह्य ठरला नाही. पेन्शन कमी बसली, तोही याच वर्गात. पण बडतर्फी, पदावनती, पदोन्नतीत डावलणं, ज्येष्ठता यादीत खाली जाणं हे एकदाच घडतं. पगार दर महिन्याला कमी येतो म्हणून हे दावे सततचे होत नाहीत.

मग सततच्या अन्यायात पूर्ण थकबाकी मिळते?

इथेच खरी मेख आहे. हक्क शाबूत राहतो, मागचे पैसे मात्र कापले जातात. तरसेम सिंग प्रकरणात (2008) एका माजी सैनिकाने 1983 पासूनची अपंगत्व पेन्शन मागायला 1999 मध्ये याचिका केली. उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने पूर्ण थकबाकी दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली आणि तत्त्व घालून दिलं: थकबाकी साधारणपणे याचिका दाखल करण्यापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच.

हिशोब करून बघू. समजा एका मॅडमची 12 वर्षांची सेवा जुलै 2012 मध्ये पूर्ण झाली, प्रशिक्षणासह सगळ्या अटीही पूर्ण आहेत, पण वरिष्ठ वेतनश्रेणी दिली नाही. त्यांनी याचिका केली जून 2025 मध्ये. निकाल त्यांच्या बाजूने लागला, तरी रोख थकबाकी जून 2022 पासूनच. त्याआधीच्या काळासाठी वेतननिश्चिती फक्त कागदोपत्री होईल, म्हणजे आजचा पगार आणि पुढची पेन्शन बरोबर बसेल. जुलै 2012 ते मे 2022 हे 119 महिने. महिन्याचा फरक सरासरी 1,500 रुपये जरी धरला तरी 1,78,500 रुपये गेले. आणि ते गेले ते स्मरणपत्रं लिहिण्यात.

वाट बघण्याच्या प्रत्येक महिन्यामागे मागच्या टोकाचा एक महिना गळतो. सध्या वाट बघत असाल तर तुमच्या फरकाची रक्कम घेऊन हाच हिशोब आज रात्री करून बघा.

पदोन्नती आणि ज्येष्ठता यादीचं काय?

इथे थांबूच नका. पदोन्नतीत डावललं असेल तर सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात न्यायालयात यावं, हे सर्वोच्च न्यायालयाने 1970 च्या दशकातच सांगितलं आहे. कारण उघड आहे. तुमच्या जागी बसलेल्या सरांचीही आता तिथे काही वर्षं झालेली असतात, आणि एकाला न्याय देताना दुसऱ्याची घडी विस्कटते. पगाराच्या दाव्यात तिसऱ्या माणसाचं काही जात नाही, म्हणून तिथे न्यायालय थोडं सैल असतं. तात्पुरती ज्येष्ठता यादी लागली की हरकतीसाठी दिलेल्या दिवसांतच लेखी हरकत घ्या. केंद्रप्रमुख किंवा मुख्याध्यापक पदाच्या समुपदेशनाच्या (जागा वाटपाच्या) दिवशी जागं होणं म्हणजे उशीरच.

खासगी शाळेत व्यवस्थापनाने पदोन्नतीत डावललं असेल तर रिट नव्हे, शाळा न्यायाधिकरणात अपील आहे. त्याबद्दल खाली.

शेजारच्या जिल्ह्यातल्या शिक्षकांनी केस जिंकली. तोच लाभ आम्हाला आपोआप मिळेल का?

मिळायला हवा, पण मिळतोच असं नाही. अरविंद कुमार श्रीवास्तव निकालात (2014) सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही बाजू मांडल्या आहेत. सारख्या परिस्थितीतल्या कर्मचाऱ्यांना सारखा लाभ द्यावा, हा नियम. अपवाद कुंपणावर बसलेल्यांचा: अन्याय माहीत असून गप्प राहिले आणि दुसरे जिंकल्यावर जागे झाले, त्यांना उशिराचा मुद्दा आडवा येऊ शकतो. निकालाचा हेतूच सर्वांना लाभ देण्याचा असेल, उदाहरणार्थ एखादी अटच घटनाबाह्य ठरवली असेल, तर मात्र तो सर्वांना लागू होतो.

संघटनेची याचिका असेल तर चौकशी करा. पुष्कळ आदेशांत 'याचिकाकर्त्यांपुरते' असे शब्द असतात आणि सोबत नावांची यादी असते. यादीत तुमचं नाव नसेल, तर वर्गणी भरल्याची पावती कोर्टात चालत नाही. शेजाऱ्यांचा निकाल लागल्याचं कळलं त्याच आठवड्यात त्याची प्रत जोडून मागणी करा.

जुनी पेन्शन मागायची आहे. 2005 ची गोष्ट आता उकरता येईल?

31 ऑक्टोबर 2005 च्या शासन निर्णयाने 1 नोव्हेंबर 2005 पासून लागणाऱ्यांना जुन्या पेन्शनऐवजी परिभाषित अंशदान योजना (पगारातून अंशदान कापणारी) लागू झाली. कटकट आहे ती त्याआधी नेमणूक झालेल्या, पण ज्यांची शाळा किंवा तुकडी तेव्हा शंभर टक्के अनुदानावर नव्हती अशा शिक्षकांची. त्यांच्याबाबत 29 नोव्हेंबर 2010 चा शासन निर्णय आडवा येतो आणि यावर न्यायालयांत अनेक वर्षं वाद झाले आहेत.

मुदतीच्या दृष्टीने दोन गट करा. निवृत्त झालेल्यांची पेन्शन दर महिन्याला देय असते, त्यामुळे सततच्या अन्यायाचा मुद्दा त्यांच्याकडे भक्कम आहे, थकबाकीची तीन वर्षांची कात्री धरून. सेवेत असलेल्यांना कोणती योजना लागू, हा प्रश्न वर्गवारीचा आहे. 'निवृत्तीनंतर बघू' म्हणून थांबणाऱ्याला 'तुमच्या पगारातून अंशदान कापलं जात होतं तेव्हा गप्प का होता?' असं विचारलं जाऊ शकतं. पहिली कपात दिसली तेव्हाच लेखी हरकत नोंदवलेली असेल तर तो कागद जपून ठेवा.

विकल्प देण्याची तारीख चुकली. आता?

ही वेगळ्या जातीची मुदत. ती कायद्याने नव्हे, जीआरनेच घातलेली असते. 1 नोव्हेंबर 2005 पूर्वीच्या जाहिरातीवर नंतर रुजू झालेल्या राज्य शासकीय कर्मचाऱ्यांना 2 फेब्रुवारी 2024 च्या शासन निर्णयाने जुन्या पेन्शनचा एकवेळचा विकल्प दिला, तो सहा महिन्यांत द्यायचा होता. केंद्राच्या अशाच आदेशात शेवटची तारीख 31 ऑगस्ट 2023 होती.

'मला माहीत नव्हतं' एवढ्याने भागत नाही, कारण जीआर शासनाच्या संकेतस्थळावर असतो. पण कार्यालयाने परिपत्रक शाळेपर्यंत पोचवलंच नाही, किंवा तुम्ही विकल्प वेळेत दिला आणि तो टेबलावरच पडून राहिला, हे कागदावर दाखवता आलं तर बाजू उभी राहते. विकल्प देताना दोन प्रती काढा आणि एकीवर तारखेसह शिक्का घ्या. क्लार्क 'ठेवून जा' म्हणाला तर स्पीड पोस्टाने पाठवा.

संस्थेने नोकरीवरून काढलं. तिथेही वर्षभर वेळ आहे का?

नाही, फक्त 30 दिवस. महाराष्ट्र खासगी शाळा कर्मचारी अधिनियम 1977 च्या कलम 9 खाली बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती आणि व्यवस्थापनाने पदोन्नतीत डावलणं याविरुद्ध शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं. पुरेसं कारण दाखवलं तर न्यायाधिकरण उशीर माफ करू शकतं. लेखी आदेश न देता मस्टरवर सही करू दिली नाही, तर तो दिवस पहिला धरा आणि त्याच दिवशी शिक्षणाधिकाऱ्यांना मेल टाका. संस्थाचालक 'पुढच्या महिन्यात बघू' म्हणतात ते बहुतेकदा हे तीस दिवस जावेत म्हणूनच.

शासन वीस वर्षांनी वसुली काढतं, त्याला मुदत नाही?

आहे. रफिक मसीह निकालात (डिसेंबर 2014) सर्वोच्च न्यायालयाने वर्ग 3 आणि 4 चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे यांच्याकडून, तसंच पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम दिली गेली असल्यास, वसुली करू नये असं म्हटलं. तुमच्याकडून लबाडी किंवा चुकीची माहिती नसावी, ही अट. 2022 मध्ये केरळमधल्या एका निवृत्त शिक्षकाला याच तत्त्वावर दिलासा मिळाला. पण वेतननिश्चितीच्या वेळी 'जादा रक्कम परत करीन' असं हमीपत्र दिलं असेल तर शासन तेच पुढे करतं. बहुतेकांनी ते दिलेलं असतं आणि बहुतेकांना आठवत नसतं. सेवापुस्तिका उघडून बघा.

विभागीय चौकशीलाही मर्यादा आहे. 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांच्या नियम 27 प्रमाणे, निवृत्तीनंतर नव्याने चौकशी सुरू करायची तर घटना चौकशी सुरू होण्याआधीच्या चार वर्षांतली हवी.

उशीर झालाच आहे. विलंब माफीच्या अर्जात काय लिहू?

तारखा लिहा. 'कौटुंबिक अडचणींमुळे' हे वाक्य न्यायालयाने हजारदा वाचलं आहे. आजारपण असेल तर डिस्चार्ज कार्ड जोडा. आदेशाची प्रत उशिरा मिळाली असेल तर ती मिळाल्याची तारीख दाखवा. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे दाद मागत होता, तर तो काळ वगळण्याची तरतूद मुदत कायद्याच्या कलम 14 मध्ये आहे. कलम 5 ची माफी अपील आणि अर्जांना आहे, दिवाणी दाव्याला नाही. कोविड काळात सर्वोच्च न्यायालयाने 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 हा काळ मुदतीतून वगळला होता. 

माहिती अधिकारात अर्ज केला आहे, उत्तर येईपर्यंत थांबू का?

नाही. माहिती अधिकाराने मुदत थांबत नाही. उत्तराला 30 दिवस, पहिलं अपील 30 दिवसांत, दुसरं 90 दिवसांत, आणि आयोगाकडे सुनावणी कधी लागेल ते आयोगालाच ठाऊक. नकाराच्या टिपणीची प्रत मिळवायला हा मार्ग उत्तम, पण याचिकेची तयारी सोबतच चालू ठेवा. कागद नंतरही जोडता येतात.

केस जिंकलो, पण वेतन पथक बिलच काढत नाही. आता तर घाई नाही ना?

आता तर जास्त आहे. न्यायालयाच्या अवमानाची कारवाई एका वर्षाच्या आतच मागावी लागते, 1971 च्या अवमान कायद्याचं कलम 20. आदेशात 'तीन महिन्यांत अंमलबजावणी करा' असेल तर ते तीन महिने संपल्यावर वर्ष मोजायला लागा. दरम्यान शासन सर्वोच्च न्यायालयात जाऊ शकतं. त्याला 90 दिवस असतात, आणि उशीर माफ करून मागण्यात शासनाचा हात कोणी धरत नाही. 'वर जायचं ठरलंय' असं कार्यालयात सांगितलं, तरी स्थगितीची प्रत दाखवा म्हणा. स्थगिती नसेल तर आदेश लागू आहे. निकालाची प्रमाणित प्रत शिक्षणाधिकारी, उपसंचालक आणि वेतन पथक अधीक्षक अशा तिघांना पहिल्या आठवड्यात द्या, तिन्ही पोच घ्या, आणि अवमान याचिकेच्या शेवटच्या तारखेसाठी वकिलाच्या नव्हे, स्वतःच्या मोबाइलमध्ये दोन महिने आधीचा गजर लावून ठेवा.